बापाचा गुरुवार, पोराचा रविवार

पिंपरी, भोसरी आणि चाकणच्या बऱ्याच कारखान्यांत आठवड्याची सुट्टी रविवारी नसते, गुरुवारी असते. कारण व्यवहाराचे आहे. राज्यातले सगळे कारखाने एकाच वारी बंद आणि बाकीचे सहा दिवस एकदम चालू राहिले, तर विजेचा भार सांभाळणे अवघड. म्हणून औद्योगिक वसाहतींना सुट्टीचे वेगवेगळे वार वाटून दिले गेले आणि या पट्ट्याच्या वाट्याला गुरुवार आला. वीज कंपनी दुरुस्तीची कामेही गुरुवारीच काढते, त्यामुळे त्या दिवशी दिवे जाणार हे इथल्या माणसाला तोंडपाठ असते. शाळांनी मात्र आपला रविवार सोडला नाही. पोर घरी असते त्या दिवशी बाप मशीनवर आणि बाप घरी असतो त्या दिवशी पोर शाळेत. आईही कामावर असेल आणि तिच्या कंपनीची सुट्टी तिसऱ्याच वारी असेल, तर अख्खे घर एकत्र जेवायला दिवाळीच उजाडावी लागते.

पालकत्वावरची पुस्तके आणि मासिकांतले सल्ले एक गोष्ट गृहीत धरून चालतात: संध्याकाळ. संध्याकाळी मुलांशी बोला, एकत्र जेवा, ठरल्या वेळी झोपवा. या पट्ट्यात संध्याकाळ दर आठवड्याला जागा बदलते. फर्स्ट शिफ्टच्या आठवड्यात बाप पहाटे निघतो, सेकंडच्या आठवड्यात मध्यरात्रीच्या सुमारास परततो आणि नाइटच्या आठवड्यात दिवसा झोपतो. एका खोलीच्या घरात तो झोपलेला असताना तीन वर्षांच्या मुलाने काय करायचे, याचे उत्तर कुठल्या पुस्तकात नाही. खोलीत त्याचे उत्तर मोबाइलच्या रूपाने, आवाज बंद करून, हातात दिलेले असते.

इथल्या मुलांच्या आरोग्याबद्दल बोलताना दवाखाने आणि औषधे यांच्याकडे आधी लक्ष जाते. ते साहजिक असले तरी या भागात त्यांची उणीव सगळ्यात मोठी नाही. पिंपरीत संत तुकारामनगरला ७५० खाटांचे यशवंतराव चव्हाण स्मृती रुग्णालय आहे, मोहननगरला कामगार विम्याचे रुग्णालय आहे आणि खासगी बालरोगतज्ज्ञांच्या पाट्या गल्लोगल्ली दिसतात. कमी पडतो तो घरातला जागा माणूस. बाळाला दूध कोण पाजणार, लसीला कोण नेणार, ताप चढल्याचे कोणाच्या लक्षात येणार, हे सगळे त्या वेळी घरात कोण आहे यावर ठरते.

या औद्योगिक पट्ट्याची सुरुवातच मुलांच्या आजारांशी जोडलेली आहे, हे आज फारसे कोणाला आठवत नाही. पिंपरीत १९५४ साली हिंदुस्तान अँटिबायोटिक्स ही सरकारी कंपनी स्थापन झाली. तिला जागतिक आरोग्य संघटनेची आणि युनिसेफची, म्हणजे संयुक्त राष्ट्रांच्या बालनिधीची मदत होती. १९५५ मध्ये तिथे पेनिसिलिनचे उत्पादन सुरू झाले. न्यूमोनियाने घरटी एखादे मूल दगावणे नवलाचे नव्हते, त्या काळात हे औषध देशात तयार होऊ लागले. बालनिधीने औषधाच्या कारखान्याला हात द्यावा यात म्हणूनच विसंगती काही नव्हती. एमआयडीसी, म्हणजे राज्याचे औद्योगिक विकास महामंडळ, १९६२ साली आली. टेल्को (आजची टाटा मोटर्स) आणि बजाज यांचे इथले मोठे कारखाने त्याच दशकातले. गाड्या, स्कूटर आणि त्यांचे हजार सुटे भाग यांची ओळख पुढे शहराला चिकटली; सुरुवात औषधाची होती.

त्या पहिल्या पिढीच्या कामगारालाही शिफ्ट होतीच. पण तो ‘परमनंट’ होता आणि त्याच्या पगारात घर चालत होते. हिंदुस्तान अँटिबायोटिक्सच्या एचए कॉलनीत घरे, शाळा आणि मैदान जवळजवळ होते. कामगारांना परवडणारी घरे मिळावीत या हेतूने १९७२ मध्ये नवनगर विकास प्राधिकरण स्थापन झाले आणि निगडीकडे सेक्टर पडू लागले. घरात बायको असे, बहुतेकदा गावाहून आलेली सासू असे, शेजारी त्याच खात्यातले कुटुंब असे. बाप नाइटला गेला तरी मूल एकटे पडत नसे. या व्यवस्थेचे गोडवे गाणारे अजून भेटतात. ती चालत होती ती शिकलेल्या बायकांनी घरी बसण्याच्या जोरावर, ही गोष्ट मात्र त्या आठवणींत सहसा येत नाही.

चाकणची कहाणी वेगळी आहे. कांद्याच्या बाजारासाठी आणि संग्रामदुर्गासाठी माहीत असलेल्या या गावाभोवती बजाज, महिंद्रा, मर्सिडीज-बेंझ असे कारखाने उभे राहिले. फोक्सवॅगनचा कारखाना २००९ मध्ये सुरू झाला. मोठ्या कंपनीच्या एका फाटकामागे तिला भाग पुरवणाऱ्या वेंडरांची रांग उभी असते आणि खरी भरती त्या रांगेत होते: कंत्राटावर, ठेकेदारामार्फत, काही महिन्यांपुरती. बीड, लातूर, नांदेड, यवतमाळ, जळगाव इथून आलेली जोडपी आणि त्यांच्या बरोबरीने उत्तर प्रदेश, बिहारमधली माणसे नाणेकरवाडी, महाळुंगे, खराबवाडीच्या भाड्याच्या खोल्यांत राहतात. शेजारच्या पिंपरी-चिंचवड महापालिकेची लोकसंख्या २००१ मध्ये १० लाखांच्या थोडी वर होती. २०११ च्या जनगणनेत ती १७ लाख २७ हजारांवर गेली. एवढ्या लोकांबरोबर त्यांच्या आया-सासवा आल्या नाहीत. शेत, म्हातारा सासरा आणि दोन जनावरे सांभाळायला त्या गावीच राहिल्या.

आणि आता बाईही कामावर जाते. टाटा मोटर्सच्या पिंपरीच्या कारखान्यात हॅरियर आणि सफारी या गाड्यांच्या जुळणीचे काम दीड हजारांहून अधिक महिला करतात, बजाजच्या चाकणच्या कारखान्यात मोटारसायकलींची एक लाइन महिला चालवतात. बातम्यांतून हे कौतुकाने छापून येते आणि ते कौतुक योग्यही आहे. या लाइनवरच्या बऱ्याच जणी विशी-पंचविशीतल्या आहेत. त्यांच्यातल्या कितीतरी जणींना पुढच्या काही वर्षांत मूल होईल, तेव्हा त्याला कोण सांभाळेल हा प्रश्न बातमीत येत नाही.

कायद्याने उत्तर दिलेले आहे, तेही जुने. १९४८ च्या कारखाने कायद्यात तीसपेक्षा जास्त महिला कामगार असतील तर सहा वर्षांखालच्या मुलांसाठी पाळणाघर ठेवण्याची अट होती. २०१७ मध्ये मातृत्व लाभ कायदा बदलला: पगारी रजा १२ आठवड्यांवरून पहिल्या दोन बाळंतपणांसाठी २६ आठवड्यांवर गेली, पन्नास किंवा अधिक कर्मचारी असलेल्या आस्थापनेत पाळणाघर सक्तीचे झाले आणि आईला दिवसातून चार वेळा बाळाकडे जाण्याची मुभा मिळाली. नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या नव्या कामगार संहितांनीही पन्नासचाच आकडा कायम ठेवला आहे. सहा महिने निव्वळ आईचे दूध, हा वैद्यकीय सल्ला आणि २६ आठवडे यांचा मेळ इथे नीट बसतो. कागदावर तरी.

गळती सुरू होते ती पन्नासच्या आकड्यापाशी. प्रेसवर पत्रे दाबणाऱ्या किंवा वायरिंगच्या जुड्या बांधणाऱ्या लहान युनिटमध्ये चाळीसच माणसे असतात. जिथे दोनशे आहेत तिथेही बायका ठेकेदाराच्या हजेरीपटावर असतात. हक्क त्यांनाही आहे, पण रजेच्या मधेच कंत्राट संपले किंवा ठेकेदार बदलला, तर तो मागायचा कोणाकडे? पुष्कळ जणी मग सातव्या महिन्यात काम सोडतात आणि मूल वर्षाचे झाल्यावर दुसऱ्या गेटवर नव्याने अर्ज देतात. आणि समजा कंपनीत उत्तम पाळणाघर आहे. चाकणच्या चौकातली वाहनांची कोंडी ज्याने पाहिली आहे, त्याला दहा महिन्यांचे मूल पहाटे दुचाकीवर किंवा कंपनीच्या बसमध्ये घेऊन जाण्याची कल्पना फारशी पटणार नाही. पाळणाघर कामाच्या जागी असावे हा विचार गिरणीच्या काळातला आहे. तेव्हा गिरणी आणि चाळ यांत चालत जाण्याचे अंतर होते. आज ते घराजवळ हवे.

तोवर दोन वाटा चालतात. एक म्हणजे वस्तीतल्या एखाद्या काकूंकडे पैसे देऊन ‘सांभाळायला ठेवणे’. या काकू नसत्या तर चाकणचे निम्मे वेंडर बंद पडले असते, असे म्हटले तर फार अतिशयोक्ती होणार नाही. पण दहा बाय दहाच्या खोलीत त्यांच्याकडे किती मुले आहेत, ती काय खातात, याची नोंद कुठेच नसते. दुसरी वाट म्हणजे मूल आजीकडे गावी धाडणे. यात त्याला माया मिळते, मोकळी हवा मिळते. दूध मात्र लवकर तुटते, लसीकरणाचे कार्ड इकडे आणि मूल तिकडे अशी गत होते आणि शाळेच्या वयाला ते परत आले की आई-बापाची ओळख पहिल्यापासून करून घ्यावी लागते.

इमारतींच्या बांधकामावर हा प्रश्न आणखी उघडा दिसतो. मोशी, पुनावळे, ताथवडे, रावेत या भागांत वर्षानुवर्षे टॉवर चढत आहेत आणि त्यांच्या पायथ्याशी पत्र्याच्या खोल्यांत मजूर राहतात. दिल्लीत राजघाटाजवळ गांधी जन्मशताब्दीच्या प्रदर्शनाचे बांधकाम चालू असताना, १९६९ मध्ये, मीरा महादेवन यांनी वाळूच्या ढिगाजवळ खेळणारी मजुरांची मुले पाहून तिथेच तंबूत पाळणाघर सुरू केले. तेच काम पुण्यात तारा मोबाइल क्रेशेस ही संस्था करते: बिल्डरने साइटवर जागा द्यायची, संस्थेने ताई, खाऊ, वजनाची नोंद आणि शिकवणे सांभाळायचे. आई कामावर असेपर्यंत मूल तिथे असते, ही या कामातली सर्वात महत्त्वाची बाब. बांधकाम कामगारांच्या १९९६ च्या कायद्यातही पाळणाघराची अट होती; पन्नासपेक्षा जास्त महिला असतील तर. पुन्हा पन्नास.

आता खाण्याकडे येऊ, कारण इथे पुण्याच्या परिसराने जगाला काही शिकवले आहे.

पुण्याच्या केईएम रुग्णालयातील डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९३ मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सहा खेड्यांत एक अभ्यास सुरू केला. गरोदर होण्याआधीपासून बायकांची मोजमापे घेतली, त्यांचा आहार आणि कष्ट नोंदवले आणि जन्मलेल्या बाळांची तुलना इंग्लंडमधल्या साउदॅम्प्टनच्या बाळांशी केली. इथल्या बाळाचे सरासरी वजन २.७ किलो, तिथल्याचे ३.५ किलो. एवढे अपेक्षितच होते. चकित करणारी गोष्ट पुढे होती. इथल्या बाळांचे स्नायू आणि पोटातले अवयव बरेच लहान होते, पण कातडीखालची चरबी त्या मानाने फारशी कमी नव्हती. किडकिडीत दिसणारे मूल आतून स्थूल होते. २००३ मध्ये हा निष्कर्ष प्रसिद्ध झाला आणि भारतीय माणसाला कमी वजनातही मधुमेह का होतो, या कोड्याचा एक धागा गर्भाशयापर्यंत गेला.

त्याच अभ्यासातून आणखी गोष्टी निघाल्या. ज्या आया हिरव्या पालेभाज्या, फळे आणि दूध अधिक वेळा खात, त्यांची बाळे आकाराने मोठी होती. शेतात आणि पाणी वाहण्यात अतोनात राबणाऱ्या आयांची बाळे लहान होती. सुमारे दोन तृतीयांश आयांमध्ये ‘ब-१२’ जीवनसत्त्व कमी होते. ही मुले पुढे सहाव्या, बाराव्या आणि अठराव्या वर्षी तपासली गेली. अठराव्या वर्षी मुलग्यांपैकी ३७ टक्के आणि मुलींपैकी १८ टक्के जणांची रक्तातली साखर सामान्य मर्यादेबाहेर होती. ही शहरातली लठ्ठ मुले नव्हेत. खेड्यातली, बहुतेक सडपातळ मुले. ज्यांचे असे झाले त्यांच्यातल्या अनेकांची उपाशीपोटीची साखर सहाव्या वर्षीच इतरांपेक्षा थोडी जास्त होती. पुढे याच पिढीला लग्नाआधीच्या वयात ‘ब-१२’ देऊन पाहिले गेले आणि ते घेतलेल्या मुलींच्या बाळांची दोन वर्षांच्या वयातली समज आणि भाषा अधिक चांगली आढळली.

चाकण-भोसरीच्या मुलाच्या ताटाकडे हे डोक्यात ठेवून पाहायला हवे. त्याची आई अशाच एखाद्या कोरडवाहू गावात, अर्ध्या पोटी, कष्टात वाढलेली असते. ते मूल कमी खर्चाच्या संसारासाठी घडलेले शरीर घेऊन जन्मते आणि वाढते मात्र पाच रुपयांच्या वेफर्सच्या पुड्यांत, बिस्किटांत, टपरीवरच्या वडापावात, रात्रीच्या नूडल्समध्ये. आई आळशी म्हणून हे होत नाही. दोन्ही वेळची भाजी-भाकरी करायला घरात कोणी जागे हवे. नसेल तेव्हा मुलाच्या हातात दहाची नोट हाच सर्वात सुरक्षित स्वयंपाक. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या २०१९-२१ च्या फेरीत महाराष्ट्रातली पाच वर्षांखालची ३५.२ टक्के मुले वयाच्या मानाने खुजी आढळली आणि सहा महिने ते पाच वर्षांच्या ६८.९ टक्के मुलांच्या रक्तात हिमोग्लोबिन कमी होते. आधीच्या फेरीत हा दुसरा आकडा ५३.८ होता. त्याच काळात जास्त वजनाची मुले १.९ टक्क्यांवरून ४.१ टक्क्यांवर गेली. कुपोषण आदिवासी पाड्यावर आणि लठ्ठपणा बंगल्यात, ही वाटणी डॉक्टरांनी कधीच सोडली आहे. आता दोन्ही एकाच चाळीत, कधी एकाच घरात सापडतात.

लसीची गोष्ट थोडी आशादायक आहे. चाकणहून शिक्रापूरकडे जाणारा रस्ता जिथे पोचतो, त्या भागात भीमेकाठी वढू बुद्रुक आहे. तिथे केईएमचे संशोधन केंद्र २००२ पासून आजूबाजूच्या २२ गावांतल्या जन्म, मृत्यू आणि स्थलांतराची नोंद ठेवत आले आहे. अतिसार घडवणाऱ्या रोटाव्हायरसवरच्या भारतीय लसीची मोठी चाचणी दिल्ली, वेल्लोर आणि पुणे अशा तीन ठिकाणी ६,७९९ बाळांवर झाली, त्यातले पुण्याचे केंद्र म्हणजे हे वढू. आज ती लस सरकारी यादीत आहे आणि या गावांतल्या बाळांचा त्यात वाटा आहे.

पण लस शोधणे आणि ती मुलाच्या तोंडात किंवा दंडात पोचवणे यांत अंतर राहते. २०२२ च्या अखेरीस मुंबई, मालेगाव, भिवंडीत गोवर पसरला, त्याच वेळी पिंपरी-चिंचवडमध्ये चिखलीजवळच्या कुदळवाडीत उद्रेक जाहीर करावा लागला. कुदळवाडी म्हणजे तेव्हा भंगाराच्या गोदामांची आणि लांबून आलेल्या मजुरांची वस्ती. गोवराचा एक रुग्ण लस न घेतलेल्या बारा ते अठरा जणांना आजार देऊ शकतो. त्याला रोखायला शंभरातल्या पंच्याण्णव मुलांना दोन्ही डोस मिळालेले असावे लागतात. एक नवव्या महिन्यानंतर, दुसरा दीड वर्षाच्या आसपास. डोस चुकवणाऱ्यांत लसीबद्दल भीती बाळगणारे लोक असतातच, पण मधल्या काळात ज्याने खोली बदलली, कंपनी बदलली किंवा गावी जाऊन आला, त्याचे मूल कोणत्याच आशाताईंच्या यादीत सापडत नाही. दुसरा डोस हुकतो तो बहुधा इथेच. शिवाय लसीकरणाची वेळ सकाळी दहा ते दुपारी चार-पाच. त्या दिवसाची हजेरी बुडाली की पैसे कापले जातात. ही फी खासगी डॉक्टरच्या फीपेक्षा कमी नसते. फेब्रुवारी २०२५ मध्ये महापालिकेने कुदळवाडीतली हजारो बांधकामे पाडली. तिथल्या कुटुंबांचे पत्ते आता दुसरीकडे कुठेतरी आहेत आणि त्यांच्याबरोबर कार्डेही.

शिफ्टचा मुलांवर थेट काय परिणाम होतो, यावर परदेशांत पुष्कळ अभ्यास झाले आहेत. २०१४ मध्ये अशा २३ अभ्यासांचा एक आढावा प्रसिद्ध झाला. त्यातल्या २१ अभ्यासांना आई-बापाच्या अवेळी कामाचा आणि मुलांच्या वागण्यातल्या, शिकण्यातल्या किंवा वजनाच्या तक्रारींचा संबंध दिसला. गरीब घरांत आणि पूर्ण वेळ राबणाऱ्यांत तो जास्त ठळक होता. मधला दुवा बहुतेकदा आई-बापाची थकलेली, चिडलेली मनःस्थिती. मात्र याची दुसरी बाजूही अशा अभ्यासांत आढळते: बाप दिवसा घरी असल्याने काही घरांत त्याचा मुलांशी सहवास वाढला. पिंपरीतही हे दिसते. दुपारी शाळेच्या फाटकाशी उभे राहून पोरीची वेणी सारखी करणारा, सेकंड शिफ्टला जायच्या आधी तिला जेवू घालणारा बाप हा या शहराने घडवलेला माणूस आहे. त्याच्या वडिलांनी हे केले नसते.

झोपेचे नुकसान मात्र भरून निघत नाही. तीन-चार वर्षांच्या मुलाला दिवसभरात १० ते १३ तास झोप लागते, असे जागतिक आरोग्य संघटना सांगते. पडद्यासमोरचा वेळ एका तासाच्या आत ठेवा आणि दोन वर्षांखाली तर तो टाळाच, हेही तिचेच. बाप रात्री बाराला आला की मूल त्याच्यासाठी जागते, कारण दिवसात त्याची भेट तेवढीच. सकाळी सातला शाळेची रिक्षा येते. हिशेब करायला कागद लागत नाही.

सरकारच्या बाजूने अलीकडचा प्रयत्न म्हणजे ‘पाळणा’ योजना. २०२२ पासून मिशन शक्तीखाली ती चालते. अंगणवाडीलाच पाळणाघराची जोड द्यायची, एक सेविका, एक मदतनीस, सहा महिन्यांपासून सहा वर्षांपर्यंतची जास्तीत जास्त पंचवीस मुले. घराजवळ, वस्तीत, ओळखीच्या ताईंकडे: कल्पना चाकणसाठीच बेतल्यासारखी आहे. अंगणवाडी ही १९७५ पासूनच्या योजनेची, लोकांच्या सवयीची. या पाळणाघराची वेळ नियमांत ठरलेली आहे, महिन्याचे २६ दिवस आणि दिवसाचे साडेसात तास. कारखान्यातली एक शिफ्ट आठ तासांची असते. जेवणाची सुट्टी वेगळी, ओव्हरटाइम वेगळा, आणि तळेगाव-चाकण रस्त्यावर कंपनीची बस अडकते तो वेळ त्याहून वेगळा.